बिनरक्ताचे शस्त्र

हल्लीच्या अद्भुत गोष्टींत एक शस्त्र फार लाडके झाले आहे. त्याला धार नसते, त्यात दारू ठासावी लागत नाही, आणि ते चालविणाऱ्याच्या अंगरख्यावर रक्ताचा एक शिंतोडाही उडत नाही. नायक ओठ उघडतो, किंवा मनगटावरची एखादी कळ दाबतो. एक सूर निघतो. समोरची भिंत थरथरते, तिला तडे जातात, आणि शत्रूची फौजच्या फौज वाळलेल्या पाचोळ्यासारखी उडून जाते. नायकाशेजारी उभी असलेली नायिका, तिच्या कडेवरचे मूल, झाडावरचे पाखरू, यांना काही म्हणता काही होत नाही. सूर जणू माणसे ओळखूनच जातो! चित्रपटांत, चित्रकथांत, मुलांच्या हातातल्या त्या चिमुकल्या पडद्यावरच्या खेळांत, सर्वत्र हे नादास्त्र सुखेनैव संचार करीत आहे. आणि कोणी शंका काढलीच, तर ‘अनुनाद’ हा एक भारदस्त शब्द तोंडावर फेकून त्याला गप्प करण्यात येते.

माझी या शस्त्राविरुद्ध तक्रार आहे, आणि ती मी ऐन सणाच्या दिवसांत मांडणार आहे. कारण घरातली लहानथोर माणसे एकत्र बसून वाचतात, पाहतात, ती याच दिवसांत. आणि आवाजाविषयी दोन शब्द बोलायला याहून योग्य मुहूर्त वर्षभरात दुसरा सापडायचा नाही.

प्रथम एक गैरसमज दूर करतो. अद्भुताचा मी वैरी नाही. उडता गालिचा, सात समुद्रांपलीकडच्या पोपटात दडविलेला राक्षसाचा प्राण, माणसासारखा बोलणारा कोल्हा, यांच्या संगतीतच मी वाढलो. गालिच्याला उडण्याचा परवाना पदार्थविज्ञानाकडून मागणारा माणूस मला अरसिक वाटतो. तेव्हा नादास्त्र खोटे आहे एवढीच माझी फिर्याद असती, तर ती मी स्वतःच काढून घेतली असती. गोष्ट खोटी असायचीच. ती खोटारडी असू नये. खोटी गोष्ट जगाचे नियम बदलते. खोटारडी गोष्ट जगाचा हिशेब बदलते. निखाऱ्यावरून चालणाऱ्या नायकाचे पाय भाजले नाहीत तर मी टाळी वाजवीन. पण त्याने लावलेल्या आगीत कोणाचेच घर जळले नाही असे जर कथाकार सांगू लागला, तर मी पुस्तक मिटवीन.

आता त्या भारदस्त शब्दाकडे वळू. मी पुष्कळ वर्षे शाळेत पदार्थविज्ञान शिकविले. अनुनाद हा त्यातला मुलांना सर्वांत आवडणारा धडा, कारण तो घरात शिकविता येतो. झोपाळा घ्या. त्याला प्रत्येक फेरीत नेमक्या क्षणी बोटाने ढकलले, तरी तो पाहता पाहता उंच जातो. भलत्या क्षणी दोन्ही हातांनी रेटले, तर तो अडखळतो. सतार घ्या. वरच्या तारेवर सूर लागला, की खालच्या तरफांपैकी ज्या तारेचा तो सूर आहे तेवढीच तार, कोणी न छेडता, आपल्या आपण बोलू लागते. बाकीच्या स्वस्थ असतात. अनुनादाचे सारे मर्म या दोन दाखल्यांत आहे. समोरच्या वस्तूचा स्वतःचा असा एक सूर असावा लागतो, आपला सूर त्याच्याशी तंतोतंत जुळावा लागतो, आणि त्या वस्तूने आपली कंपने लगेच जिरवून टाकता कामा नये.

पातळ काचेचा पेला या तिन्ही अटी पुऱ्या करतो. टिचकी मारली की जो सूर तो देतो, नेमका तोच सूर ध्वनिवर्धकातून पुरेशा जोराने त्याच्यावर धरला, तर तो खरोखर फुटतो. पण सूर जरा ढळला की पेला ढिम्म! आणि दगडमातीची भिंत? तिला असा एक सूर नसतोच. तिच्यात चिरे असतात, चुना असतो, शेकडो सांधे असतात. कंपने आली तशी त्यांत जिरून जातात. माणसाचे मांसल शरीर तर भिंतीहूनही वाईट पेला आहे. शिवाय आवाज उघड्यावर पसरत जातो. अंतर दुप्पट झाले की त्याची तीव्रता चौथाई उरते. आवाज वाटेल तितका वाढवू म्हणाल, तर तीही सोय नाही. आपल्या सभोवतालच्या हवेत सुमारे १९४ डेसिबलपलीकडे ध्वनिलहर ही नेहमीची ध्वनिलहर राहतच नाही. ती स्फोटाच्या धक्क्याची लाट बनते. म्हणजे भिंत पाडण्याइतका आवाज हवा असेल, तर तो बॉम्बचाच भाऊ असावा लागतो. आणि बॉम्ब काय करतो, हे सांगायला सूरसप्तकाची गरज नाही.

यावर गोष्टीवाल्यांचा एक ठेवणीतला पुरावा असतो: पूल. इंग्लंडात मँचेस्टरजवळचा ब्रॉटनचा झुलता पूल १८३१ साली सैनिकांच्या तालबद्ध चालीने कोसळला, हे खरे आहे. वीसएक सैनिक जखमी झाले, आणि तेव्हापासून पुलावर पावलांचा ताल मोडून चालण्याचा हुकूम ब्रिटिश लष्करात सुटला. फ्रान्समधल्या आंजे येथे १८५० साली वादळात पूल ओलांडणारी पलटणच्या पलटण नदीत पडली आणि दोनशेहून अधिक माणसे गेली. अमेरिकेतला टॅकोमाचा पूल ७ नोव्हेंबर १९४० रोजी वाऱ्याने पिळवटून पडला. त्याला मात्र नुसता अनुनाद म्हणणे अभियंते आज मान्य करीत नाहीत, कारण तिथे पुलाची हालचालच वाऱ्याकडून स्वतःला बळ मिळवीत गेली. पण यांपैकी एकही पूल सुराने पडलेला नाही. पावलांनी पाडला, वाऱ्याने पाडला. आणि मुख्य म्हणजे, पूल पडला तेव्हा त्याने वरच्या माणसांत निवड केली नाही. आंजेचा पूल पाडणारेच त्या पुलावर होते. अनुनादाची खरी गोष्ट सांगायची असेल तर ती ही आहे. ती सांगायला मात्र कोणी पुढे येत नाही.

‘पण तुम्ही फारच गंभीरपणे घेता बुवा, जुन्या गोष्टींत तरी दुसरे काय होते?’ असा प्रश्न येणार. जुन्या गोष्टींत दुसरेच होते. मला सांगायचे आहे ते नेमके हेच.

जेरिकोची कथा घ्या. बायबलातल्या यहोशवाच्या पुस्तकात ती आहे. सात याजक, सात रणशिंगे. सहा दिवस नगराला रोज एक फेरी, सातव्या दिवशी सात फेऱ्या. मग शिंगांचा नाद, लोकांची आरोळी, आणि तट जागच्या जागी कोसळतो. नादास्त्राची ही जगातली सर्वांत प्रसिद्ध कथा. कॅथलीन केन्यन या विदुषीने १९५२ ते १९५८ पर्यंत तिथे उत्खनन केले आणि त्या काळचे म्हणून दाखविण्यात येणारे तट त्याहून कितीतरी जुने असल्याचे सांगितले. तेव्हा इतिहास म्हणून ती कथा टिकत नाही. पण कथा म्हणून ती प्रामाणिक आहे. तट पडल्यावर ती थांबत नाही. आत शिरलेल्यांनी पुरुष, बायका, तरुण, म्हातारे, गुरेढोरे, सर्वांना तलवारीने मारले, वाचले ते राहाब नावाच्या एका बाईचे कुटुंब, असे ती पुढच्याच वाक्यांत सांगते. त्या कत्तलीचे समर्थन मी करीत नाही. पण त्या लेखकाने ती लपविली नाही. भिंत नादाने पडली, माणसे मात्र लोखंडाने मेली, हे त्याने लिहून ठेवले. आजचा गोष्टीवाला शिंगापाशी गोष्ट संपवितो.

आपल्याकडे या. राजा दशरथ शब्दवेधी. डोळ्यांनी न पाहता आवाजाच्या रोखाने बाण मारण्याची विद्या त्याला अवगत होती, आणि तरुणपणी तिचा त्याला गर्व होता. शरयूच्या काठी अंधारात घागर भरल्याचा बुडबुड आवाज झाला, राजाला तो पाणी पिणाऱ्या हत्तीचा वाटला, बाण सुटला. नेम अचूक होता! आवाजाचा वेध घेण्यात दशरथाची तसूभरही चूक झाली नाही. चूक एवढीच, की आवाजावरून माणूस ओळखता येतो असे त्याला वाटले. श्रावणबाळाची ही कथा ऐकताना न रडलेले मूल महाराष्ट्रात क्वचितच असेल. शब्द आणि शस्त्र यांच्या संगनमतावर याहून कडक भाष्य मला तरी ठाऊक नाही.

आणि अश्वत्थामा! युद्ध संपले आहे, सगळे हरले आहेत, आणि हा सूडाने पेटलेला ब्राह्मण गवताची काडी हातात घेऊन तिच्यावर मंत्र म्हणतो. अस्त्र म्हणजे काय, तर काडी आणि उच्चार. खरे बळ उच्चाराचे. तिकडून अर्जुनाचेही अस्त्र सुटते, आणि व्यास-नारद मध्ये उभे राहून दोघांना ती आवरायला सांगतात. अर्जुन आवरतो. अश्वत्थाम्याला आवरता येत नाही. मग ते अस्त्र कुठे जाते? पांडवांच्या स्त्रियांच्या गर्भांवर. उत्तरेच्या पोटातल्या, अद्याप कानही न फुटलेल्या जिवावर ते जाऊन आदळते, आणि पुढे त्याला जिवंत करायला श्रीकृष्णाला यावे लागते. सुटलेला शब्द परत घेता येतो काय, आणि येत नसेल तर तो कोणाला लागतो, या प्रश्नाला व्यासांनी इतके भयंकर उत्तर दिले आहे.

इथे मला दुसऱ्या एका मंडळींचा समाचार घेणे भाग आहे. ही मंडळी सभासंमेलनांतून, आणि हल्ली भ्रमणध्वनीवर फिरणाऱ्या निरोपांतून सांगत असतात, की मंत्रास्त्र म्हणजे प्राचीनांचे प्रगत ध्वनिशास्त्रच होय. विशिष्ट कंपनसंख्येचा उच्चार, त्याने अनुनाद, आणि त्याने शत्रूचा नाश. त्यांना वाटते, यामुळे महाभारताचा मान वाढतो. अहो, महाभारताचे तुम्ही मातेरे करीत आहात! अश्वत्थाम्याचे अस्त्र जर यंत्र असेल, तर त्याला ते आवरता आले नाही याचा अर्थ एवढाच, की यंत्राची खुंटी बिघडली होती. मग त्या प्रसंगात उरले काय? अर्जुनाला अस्त्र आवरता आले ते त्याने व्रते पाळली म्हणून, असे ती कथा सांगते. आवरण्याचे बळ कंपनसंख्येत नव्हते, आचरणात होते. व्यासांनी घातलेली ही अट काढून घेऊन तिच्या जागी तुम्ही एक ध्वनिवर्धक बसविता, आणि वर संस्कृतीचा अभिमान मिरविता! एखाद्याने गाभाऱ्यातली मूर्ती काढून तिथे विजेचा पंखा बसवावा आणि वाऱ्याच्या शीतलतेचे कौतुक करावे, त्यातलाच हा प्रकार.

जुने ते सारे सोने आणि नवे ते सारे पितळ, असेही माझे म्हणणे नाही. नव्या काळातही हा हिशेब नीट ठेवणारे कथाकार झाले. बेल्जियमच्या एर्जेने टिनटिनच्या चित्रकथांपैकी ‘द कॅल्क्युलस अफेअर’ ही १९५४ च्या डिसेंबरपासून साप्ताहिकात क्रमशः आणि १९५६ साली पुस्तकरूपाने दिली. त्यात कानाने अधू अशा भोळ्या प्राध्यापक कॅल्क्युलसच्या हातून श्राव्यातीत ध्वनीचे एक यंत्र तयार होते. त्याचा पहिला प्रताप कोणावर? शत्रूवर नव्हे, घरच्याच आरशांवर, खिडक्यांवर, रस्त्याने चाललेल्या एका परक्या माणसाच्या मोटारीच्या काचांवर. पुढे दोन देशांचे हेर त्या बिचाऱ्याला पळवापळवी करून जेरीस आणतात, आणि शेवटी तो आपल्या हाताने ते आराखडे जाळून टाकतो. मुलांसाठी लिहिलेली, हसत हसत वाचायची ही गोष्ट. पण शस्त्र कोणाला लागते आणि शोध लावणाऱ्याने काय करावे, हे दोन्ही तिच्यात आहे. १९६५ साली अमेरिकन चित्रकथांत ‘ब्लॅक बोल्ट’ नावाचा एक राजा अवतरला. त्याच्या साध्या कुजबुजीनेही हाहाकार माजतो, म्हणून तो जन्मभर मौन पाळतो. नादास्त्राची किंमत काय, तर बायकोशी प्रेमाचा एक शब्द बोलता न येणे! इथे कल्पना मोकाट आहे, पण हिशेब चोख आहे.

उलट उदाहरण हवे असेल तर ते फार दूर नाही. फ्रँक हर्बर्टच्या ‘ड्यून’ या १९६५ सालच्या कादंबरीत नायकाच्या घराण्याची शक्ती शरीर, मन आणि वाणी यांच्या दीर्घ, कठोर शिक्षणातून आलेली आहे. डेव्हिड लिंचने १९८४ साली तिच्यावर चित्रपट काढला, तेव्हा त्या शिक्षणाच्या जागी गळ्यापाशी लावायचे एक यंत्र आणून बसविले: तोंडाने ध्वनी काढायचा, यंत्राने त्याचा घातक मारा करायचा. वाळवंटातल्या लोकांना ती यंत्रे वाटली की झाली फौज तयार. वर्षावर्षांची साधना गेली आणि डबी आली. साधना लांबलचक असते, पडद्यावर कंटाळवाणी दिसते, हे मला कळते. पण साधनेबरोबर संयमही जातो, हे कोणाच्या ध्यानात आले नाही.

‘असेना का, गोष्टीने कोणाचे काय बिघडते?’ बिघडते. जेरिकोचे नाव जर्मनांनी उचलले. त्यांच्या ‘स्टुका’ विमानांच्या पायांना वाऱ्याने फिरणारे भोंगे बसविलेले असत. विमान सूर मारू लागले की ते किंचाळत. त्यांना ‘जेरिकोचे कर्णे’ म्हणत. दुसऱ्या महायुद्धाच्या आरंभी पोलंड आणि फ्रान्समधल्या रस्त्यांवरून गाठोडी घेऊन पळणाऱ्या कुटुंबांनी तो आवाज ऐकला. त्याने एकही भिंत पडली नाही. भिंती वरून येणाऱ्या बॉम्बने पडल्या. आवाजाचे काम निराळे होते. त्याने माणसांची छाती फोडायची होती.

पुढे आणखी सभ्य भाषा आली. एडनच्या बंदरात २००० साली अमेरिकन युद्धनौका ‘कोल’वर हल्ला झाला, त्यानंतर अमेरिकन नौदलासाठी दूरवर कर्कश आवाज फेकणारे एक यंत्र विकसित करण्यात आले. समुद्रावरून ते शहरात आले. पिट्सबर्ग येथे २००९ साली निदर्शकांवर ते रोखण्यात आले; निदर्शने पाहायला आलेल्या एका प्राध्यापिकेच्या श्रवणशक्तीला कायमची इजा झाल्याची फिर्याद झाली, आणि २०१२ साली शहराने ७२,००० डॉलर देऊन ती मिटविली. या जातीच्या यंत्रांना ‘प्राणघातक नसलेली’ म्हणतात. पाहा, आमच्या गोष्टीतलेच बिनरक्ताचे शस्त्र हे! रक्त दिसत नाही, म्हणून जखमही नाही. पण कानाच्या आतल्या गोगलगाईसारख्या पोकळीत सुमारे पंधरा हजार सूक्ष्म केशपेशी असतात. माणसाच्या बाबतीत त्या एकदा मेल्या की पुन्हा उगवत नाहीत. ज्या आवाजाने मडकेदेखील फुटत नाही, त्या आवाजाने त्या मरतात. आवाजाचे शस्त्र भिंत पाडू शकत नाही म्हणून ते लुटुपुटूचे, असे समजणाऱ्यांनी एवढे ध्यानात ठेवावे. डोळ्याला पापणी आहे. कानाला देवाने ती दिलेली नाही. झोपलेल्याचाही कान जागा असतो.

आणि आता घरचे सांगतो. ही दिवाळी आहे. फटाक्याच्या आवाजाला चार मीटरवर १२५ डेसिबलची मर्यादा आपल्या कायद्याने घातली आहे. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे वस्तीत रात्री ४५ डेसिबलहून अधिक आवाज असू नये, आणि रात्री १० ते सकाळी ६ आवाजाचे फटाके नकोत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००५ साली निकालात सांगितले. वाचकहो, आपल्या गल्लीत हे आकडे किती पाळले जातात ते तुमचे तुम्ही ठरवा. मिरवणुकीत मालमोटारीवर माणसाच्या दुप्पट उंचीची ध्वनिवर्धकांची भिंत रचलेली असते. तिच्यासमोर नाचणाऱ्या तरुणाला वाटते, आपण आनंद करतो आहोत. त्याचा शत्रू कोणीच नाही. म्हणूनच तर आवाज कोणाला लागतो आहे हे त्याला दिसत नाही: पहिल्या मजल्यावरची बाळंतीण, कोपऱ्यावरच्या इस्पितळातला हृदयविकाराचा रोगी, खाटेखाली शिरून थरथरणारे कुत्रे. गोष्टीतला सूर माणसे ओळखून जातो, असे लहानपणापासून पाहिलेल्या मुलाला, रस्त्यावरचा सूर माणसे ओळखीत नाही हे कोणी, कधी सांगितले?

म्हणून कथाकारांना माझे मागणे आहे. नादास्त्र जरूर लिहा. हवे तर डोंगर फोडा, समुद्र दुभंगा. मी पदार्थविज्ञानाचे पुस्तक काढून आडवा येणार नाही. पण त्या शस्त्राला तीन प्रश्न विचारा. ते ज्याच्यावर सोडले नव्हते त्यालाही लागते काय? सोडल्यावर ते परत घेता येते काय? आणि सोडणाऱ्याला त्यासाठी काय मोजावे लागते? वाल्मीकींनी पहिल्याचे उत्तर दिले, व्यासांनी दुसऱ्याचे, आणि तिसऱ्याचे तर त्या मुक्या राजाने दिले. तुम्हाला ते द्यायला कोणी हरकत घेतलेली नाही.

आणि आईबापांनो, आजीआजोबांनो, तुमच्या मांडीवर बसून असा एखादा प्रसंग पाहताना एखादे मूल हळूच विचारील, ‘मग त्या बाईच्या कडेवरच्या बाळाला तो आवाज ऐकू आला नाही का?’ त्याला ‘अरे, ती गोष्ट आहे’ म्हणून गप्प करू नका. प्रश्न रास्त आहे. गोष्टीने त्याचे उत्तर द्यायला हवे होते. तिने दिले नसेल, तर ते तुम्ही द्या.